दुष्काळ म्हणा, आजी

"आजी, परत एकदा सांगा. मधेच शेळी ओरडली."

कॅमेऱ्यामागची पुण्याची पोरगी मला असं म्हणली. केजहून जीप करून आलती ती. मी आत्ताच माझी लेक कशी मेली ते सांगून गप झालते. पदरानं डोळे पुसत व्हते. आन ही म्हणती परत सांगा.

सांगितलं. सवय हाय मला. ऊसतोडीवर पिच्चर काढायला कुणीबी आलं की गाववाले माझंच दार दावत्यात. टीव्हीवाली आजी म्हणत्यात. मेलं, मलाबी बरं वाटायचं. आमचं कवा कुणी ऐकलं व्हतं? चांगलं लुगडं सोडून इरलेलं नेसा म्हणले, तेबी नेसले.

दुसऱ्यांदा सांगून झालं तशी पोरगी जवळ बसली. माझा हात धरला. लई गोड बोलली. "आजी, फक्त मुकादमाचं, कारखान्याचं काढू नका. दुष्काळ म्हणा. दुष्काळानं मुलगी गेली, एवढंच."

कावून ते मला ठावं व्हतं. त्यांचं दुपारचं जेवण कारखान्याच्या चेअरमनच्या बंगल्यावर व्हतं.

दुष्काळ? आगं, दुष्काळात तर ती पोटात व्हती. मी सरकारी कामावर खडी फोडत व्हते, तिथं वाटायचे ती सुकडी खाऊन दिस काढत व्हते. तरी जगली ती.

मेली ती फडात. चारी अंगानं हिरवागार ऊस, पाटाला पाणी. पोर तापानं फणफणलेली. दवाखान्यात जाऊ द्या म्हणून मुकादमाच्या पाया पडले. तिथं नवरा-बायको मिळून एक कोयता म्हणत्यात. मी गेले की कोयता मोडला. मुकादम म्हणला, "गाडी भरल्याबिगर हलायचं न्हाई. पोरं काय, व्हत्यात आनखी."

पोरीला पाचटावर निजवून मोळ्या वाहिल्या. गाडी भरली तवा ती गार पडलती. रडूबी दिलं न्हाई मला. दुसरी गाडी येऊन उभी व्हती.

मी हात सोडवून घेतला. म्हणलं, "पोरी, माझी लेक किती डाव मारू? एकदा त्यांनी मारली. आता तुमच्यासाठी खोटी मारू?"

"आजी, चिडू नका ना. तुमचं दुःख जगापुढं येईल."

"दुःख येईल. मारणारा न्हाई येणार."

पदराला लावलेला माईक काढून बाजेवर ठिवला. ते गेल्यावर लई रडले बाई मी. तवाचं राहिलेलं सगळं रडले. सून घाबरली, तिला वाटलं मला काय झालं.

आता कुणीबी या. चहा घ्या, बसा. पर एक वाक्य पुरं ऐकायचं: कारखान्याच्या उसात, मुकादमानं जाऊ दिलं न्हाई म्हणून माझी लेक मेली. ह्यातला एक शब्द कापायचा असंल, तर माझ्या उंबऱ्याच्या आत पाय टाकायचा न्हाई.