सुनेत्राचा हळू आवाजातला अल्बम

सुनेत्रा सरळ उत्तर कधी देत नसे. काहीही विचारा, "बघू, सुचेल तसं," म्हणायची. योकोहामाच्या एका विद्यापीठात ती संशोधन करायची आणि मराठी रॉक गाणी लिहायची. टोकियोतल्या निशी-कसाईत आम्हा चौघांचा बँड होता. मी ड्रम वाजवायचो. ॲम्प्लिफायरचा आवाज ती इतका वाढवायची की स्टुडिओचे मालक दार ठोठावायचे.

२०११ च्या मोठ्या भूकंप-त्सुनामीनंतर तिने तालमीला बोलावणं बंद केलं. दर शनिवारी पहिल्या बसने ती उत्तरेला जाऊ लागली. कशाला, विचारलं तर तेच, "बघू, सुचेल तसं." हिला दुसरा ड्रमर मिळाला, अशी माझी खात्रीच झाली.

दीड वर्षाने तिचा अल्बम आला. एका मैत्रिणीकडून गाणी मागवून घेतली, दहादा ऐकली. ड्रम नव्हतेच. बँजो, फिडल, अमेरिकेतल्या कंट्री गाण्यांची संथ चाल, आणि शेजारी बसून बोलावं तसा तिचा आवाज. हे हिचं नाहीच, कुणाचं तरी उचललंय, असं मी ओळखीच्या सगळ्यांना सांगत सुटलो.

शेवटी तिलाच गाठलं. "चाली कुणाच्या आहेत?"

"माझ्या. बँजो शिकवणारे वेगळे. शनिवारी चल."

ती उत्तरेला जायची त्या समुद्रकाठच्या गावात, घरं वाहून गेलेल्यांसाठी बांधलेल्या तात्पुरत्या खोल्यांत एक आजोबा राहत. त्यांचा कंट्री संगीताचा छोटा बार लाटेत गेला होता. बँजो तेवढा दुरुस्तीला दिलेला म्हणून वाचला. मी तिच्याकडे बघत होतो, कुठे गडबडते का ते. सांगितलं मात्र आजोबांनी.

"पहिल्या दिवशी ही इलेक्ट्रिक गिटार घेऊन आली. ॲम्प्लिफायर घुमला, तशा तीन बायका अनवाणी बाहेर धावल्या. जमीन हादरली असं वाटलं त्यांना. ही दारोदार माफी मागत फिरली. पुढच्या शनिवारी रिकाम्या हाताने आली. म्हणाली, मला हळू वाजवायला शिकवा."

परतीच्या बसमध्ये मी विचारलं, "मला का नाही सांगितलंस?"

"तू म्हणाला असतास, मीही हळू वाजवतो. ड्रमचा धक्का तिथे नकोच होता, पण तुला नाही म्हणणं मला जमलं नसतं."

मी लोकांत काय पसरवलं ते तिच्या कानावर गेलं होतं का, हे विचारायचा धीर झाला नाही. वर्षभरात ती पुण्याला परत गेली. त्यानंतर मी सीडी विकत घेतली. आत आभार छापले होते. पहिलंच नाव माझं होतं आणि त्यापुढे लिहिलं होतं, 'ताल याच्याकडून शिकले.'