हातांची फिल्म

पेठ तालुक्यातून दर थंडीत निफाडच्या द्राक्षबागांत मजुरांच्या ज्या टोळ्या उतरतात, त्यांत रंगूबाईच्या बायकांचं नाव मोठं. दाटीने बसलेले मणी कात्रीने विरळायचे, म्हणजे उरलेले फुगतात. चार जास्त कापले की घड वाया. बागवाले हिरामणतात्या सांगायचे, रंगूबाईची कात्री असली की मी बागेत डोकावतसुद्धा नाही.

यंदा नाशिकचा अमोल कॅमेरा घेऊन बागेत आला. तो प्रायोगिक फिल्म करायचा. म्हणजे गोष्ट नाही, गाणं नाही, माणसाचं तोंडही नाही, नुसते हात. रंगूबाईने विचारलं, माझ्या तोंडाला काय झालं? तो म्हणाला, चेहरा दिसला की मावशी, लोक भावुक होतात. मग त्यांनी काय व्हायचं, असं तिने विचारलं, तर तो कॅमेऱ्याची काच पुसायला लागला.

आपली बाग फिल्ममध्ये येणार म्हणून तात्या खूश. 'काढा की' म्हणाले आणि फवारणीचं औषध आणायला निफाडला गेले. रंगूबाईने एक घड विरळला. अमोल म्हणाला, तोच पुन्हा. उजेड सरकला, पुन्हा.

"कापलेला मणी परत चिकटत नाय, दादा."

त्यातच म्हणे त्याला कलेचं मर्म सापडलं. म्हणाला, देठ उघडा पडेस्तोवर कापा, सगळेच घड. तात्यांना विचारलंय, असंही ठोकून दिलं. मालकाचा हुकूम म्हणून बायकांनी कापलं. दुपारपर्यंत अर्धी ओळ खराट्यासारखी झाली.

तात्या परतले ते भडकलेच. उद्यापासून ही टोळी नको, पुढच्या सालीही नको. रंगूबाईने अमोलकडे पाहिलं.

"कलावंत मध्ये पडत नसतो, मावशी," तो पुटपुटला. "तो फक्त टिपतो." कॅमेरा चालूच.

रंगूबाईने कात्री कमरेला खोचली आणि हात पदराखाली घेतले. तिचं बघून ओळीतले सगळे हात पदराआड गेले.

"मावशी, हात... परवा फिल्म महोत्सवाला पाठवायचीय."

"आधी तोंड उघड."

अमोलने एकदा कॅमेऱ्याकडे, एकदा रस्त्याकडे पाहिलं. मग मान खाली घालून म्हणाला, "तात्या, मीच कापायला लावलं. तुमचं नाव खोटं सांगितलं."

"मोठ्यानं. ओळीच्या टोकाला सरिता हाय, तिला ऐकू नाय गेलं."

तीनदा म्हणवून घेतलं तिने. तात्यांनी पुढच्या ओळीकडे बोट केलं, 'ती धरा' म्हणाले. बायका कात्र्या काढत तिकडे वळल्या. अमोलने घाईघाईने कॅमेरा उचलला.

"तो ठेव खाली," रंगूबाई म्हणाली. "पडलेले मणी वेच."