बुटातला चेहरा

जत्रेतल्या तंबूत काल सिनेमा पाहिला. म्हातारा फौजी आपल्या मुलाच्या खुन्यांना एकेक करून गोळ्या घालतो. सारा तंबू शिट्ट्या मारत होता. माझ्या शेजारी बसलेले आमच्या आळीतले सुभेदार मात्र पडद्यावरून नजर हलवत नव्हते. त्यांच्या मुलाला चिरडणारा ट्रकवाला निर्दोष सुटून गावातच फिरतो, आणि सुभेदारांच्या भिंतीवर परवान्याची बंदूक आहे.

आज सकाळी ते ओट्यावर काहीतरी घासत बसलेले दिसले. बंदूक तर नव्हे? जवळ गेलो, तर हातात मुलाचे काळे बूट. चेहरा दिसेपर्यंत बूट चमकवायचे, ही त्यांची फौजेतली सवय. सूड घेऊनही जे परत येत नाही, त्याचं माणसानं करायचं काय?

"सुभेदार, दिसतोय की आता चेहरा," मी म्हटलं.

"दिसतोय," ब्रश न थांबवता ते म्हणाले, "पण माझाच."