मागे उभे असलेले सात जण

बेसबॉलचे नियम मला अजूनही कळत नाहीत, तरी एका अमेरिकन क्रीडापत्रकाराचं त्या खेळावरचं पुस्तक मी आठवडाभर वाचत होतो. मैदानावर चुन्याच्या रेघा मारणारा माणूस, ठरलेल्या जागी बसून प्रत्येक सामना पाहणारी बाई, सगळे त्यात नावानिशी आहेत.

काल आमच्या कबड्डी मंडळाची स्मरणिका हातात पडली. जिंकलेल्या संघाचा फोटो. पुढे खुर्च्यांवर बसलेल्यांची नावं हुद्द्यांसकट: अध्यक्ष, खजिनदार, देणगीदार, देणगीदारांचे मेहुणे. मागे उभ्या सात जणांसाठी दोनच शब्द, ‘संघातील खेळाडू’.

मी चिटणीसांना फोन केला. ते म्हणाले, “अहो, जागा पुरली नाही. आणि आपल्या पोरांना कोण ओळखत नाही?”

गुडघे फुटले पोरांचे आणि नाव छापलं मेहुण्याचं. आपल्याकडे खेळाचा इतिहास खुर्चीपासून सुरू होतो आणि खुर्चीतच संपतो.

तावातावाने पेन घेऊन मी फोटोखाली नावं लिहायला बसलो. सहा लिहिली. सातव्याच्या पकडींवर मी पाच वर्षं टाळ्या वाजवल्या होत्या, पण त्याला कायम ‘लेफ्ट कॉर्नर’ म्हणूनच हाक मारली होती.

शेवटी पुन्हा चिटणीसांनाच फोन लावला. त्यांनी लगेच नाव सांगितलं, आडनावासकट.