अकरा बॅगा आणि आडव्या दांड्यांचं दार

साइटसीइंग टूरला आंधळ्या बाईने जावं की नाही?

खरं सांगा, मनात काय आलं? ‘बिचारीला दिसणार काय,’ असंच ना? आणि वर, ‘कशाला उगाच दगदग.’ तिकीट मात्र तिचं पूर्ण घेतात हो. डोळे नाहीत म्हणून अर्धे पैसे घ्या, अशी सूट मी तरी कुठे ऐकली नाही.

तर ही सुलेखा कडूसकर. वय चौपन्न, मूळची साताऱ्याची, राहायला सिंगापूरच्या क्वीन्सटाउनमध्ये, जुन्या ब्लॉकच्या नवव्या मजल्यावर. नवरा मनोहर आयटीत. लग्न होऊन इथे आली तेव्हा तिला सगळं दिसत होतं. मग हळूहळू नजर पाइपातून बघितल्यासारखी अरुंद होत गेली आणि पंधरा वर्षांपूर्वी पाइपही बुजला. डॉक्टरांनी नाव सांगितलं, इलाज सांगितला नाही. सुलेखा तीन महिने रडली, चौथ्या महिन्यात तिने पांढरी काठी घेतली. स्क्रीनवरचं वाचून दाखवणारा प्रोग्रॅम रोज दोन तास खटपट करून स्वतःच शिकली आणि चांगी बिझनेस पार्कातल्या एका बॅक-ऑफिसमध्ये फोनवर बोलायची नोकरी मिळवली. रोज एकटी एमआरटीने, म्हणजे तिथल्या मेट्रोने, जाते. ताना मेराला गाडी बदलताना कुणी न विचारता दंड धरला तर म्हणते, “मला नको ओढू बाबा, मी ऑफिसला चाललेय, तू कुठे निघालास?” ‘दृष्टिबाधित’ म्हटलेलं तिला आवडत नाही. “एवढा लांब शब्द उच्चारेपर्यंत माझी गाडी सुटते. आंधळी म्हणा.”

तिची शेजारीण लाउ आंटी. वय चौऱ्याऐंशी, गुडघे गेलेले, जीभ शाबूत. आंटीचं लहानपण चीनमधल्या ग्वांगझू शहरात, आजीच्या घरी गेलं. त्या घराच्या दारावरून या दोघींचं वीस वर्षं भांडण चालू होतं.

“माझ्या आजीचं दार बंद असायचं, तरी उघडं असायचं,” आंटी आपल्या सिंगापुरी इंग्रजीत सांगायची.

“असं कसं असेल?”

“जाड जाड गोल दांडे. सगळे आडवे. दार बाजूला सरकायचं. बंद केलं तरी वारा आत, गप्पा बाहेर. चोर तेवढा बाहेर.”

“म्हणजे तुरुंगच की.”

“तुरुंगाचे गज उभे, सु-ले! हे झोपलेले! आणि आवाज कसा, माहितीय? ढग बांबू खातोय असा.”

ढग बांबू खातो म्हणजे कसा आवाज येतो? सुलेखाला हे काही केल्या समजेना. दांडे किती जाड? पकडायचे कुठे? सरकतं तर अडकत नाही का? फोटो होते, आंटीच्या नातवाने इंटरनेटवरून काढून दाखवले होते. पण फोटो ही सुलेखाच्या दृष्टीने जगातली सगळ्यात गुळगुळीत आणि निरुपयोगी वस्तू.

म्हणून जेव्हा ओळखीतल्या मराठी मंडळींनी ग्वांगझूची चार दिवसांची सहल ठरवली आणि त्यात एक दिवस गाइडबरोबर अख्खं शहर, जुन्या गल्ल्यांसकट, असं कळलं, तेव्हा सुलेखाने मनोहरला सांगितलं, “अहो, मी येणार. मला ते दार हाताने बघायचंय.” आंटीने तिचा हात दाबला आणि हुकूम सोडला, “दांडे मोज. आकडा विषमच निघतो. आणि आवाज घेऊन ये.”

आता या सहलवाल्यांबद्दल एक गोष्ट सांगायला हवी. तुमच्या-आमच्या प्रत्येक सहलीत एक माणूस असतं, ज्याला म्हणतात, “तू बस इथे, सामानाकडे लक्ष ठेव, आम्ही पटकन बघून येतो.” कुणाची म्हातारी आई असते, कुणाची लंगडणारी आत्या, कुठे नव्याने आलेली सून. या मंडळींत ते माणूस म्हणजे सुलेखा. पंधरा वर्षं! डोळे नसलेल्या बाईला सामानावर लक्ष ठेवायला बसवायचं, ही अक्कल फक्त आपल्याच लोकांना सुचू जाणे.

टूरच्या दिवशी सकाळी अकरा माणसं बसमध्ये चढली. गाइड होती लिन नावाची मुलगी, इंग्रजी नीटस. तिने प्रत्येकाला कानात अडकवायचं छोटं यंत्र दिलं. ती माइकमध्ये बोलली की सगळ्यांना कानात ऐकू येणार. लांब गेलं की आवाज खरखरणार, जवळ आलं की साफ. “हरवलात तर माझा आवाज शोधा,” लिन हसत म्हणाली.

पहिला मुक्काम शंभरेक वर्षांपूर्वीचा एक कुलमंडप, म्हणजे एका घराण्याने पूर्वजांसाठी बांधलेला वाडा, लाकडावर आणि विटांवर बारीक कोरीवकाम असलेला. सहलीचे म्होरके उल्हासराव. चांगीत मॅनेजर आणि सगळीकडेच मॅनेजर. त्यांनी अंगणातला एक बाक हेरला.

“वहिनी, तुम्ही इथे बसा हं. सावली आहे मस्त.”

पाठोपाठ बॅगा. एक मांडीवर, दोन पायांशी, बाकीच्या दोन्ही बाजूंना. अकरा.

लिन थांबली. “मॅडम नाही येणार?”

“शी प्रेफर्स टू सिट,” उल्हासराव म्हणाले.

आपण काय प्रेफर करतो हे सुलेखाला पंधरा वर्षं असंच दुसऱ्यांकडून कळत आलं होतं. तिने बाकाचं लाकूड चाचपलं, बाजूच्या झाडाचं एक गळलेलं पान उचलून नाकाशी नेलं आणि कानातल्या लिनला ऐकत बसली. इथे दार नव्हतं. भांडण शिल्लक ठेवलेलं बरं, असा तिचा हिशोब.

दुसरा मुक्काम औषधी वनस्पतींचा बाजार. तिथे तर तिला बसच्या पायरीवरच बसवलं. तरी वास आलाच, सुकवलेल्या संत्र्याच्या सालींचा, कडू आणि गोड. पुढे काहीतरी समुद्राचं, वाळलेलं. त्याच्या मागे सुंठ. ती मान वळवून वळवून नाकाने बाजार फिरली. बघून आलेल्यांना विचारलं, काय पाहिलंत? उत्तर आलं, “काही नाही गं, मुळ्या आणि पाली.”

जेवणानंतर लिन म्हणाली, “आता जुन्या गल्ल्या. लांब दांड्यांची पारंपरिक दारं इथे अजून आहेत. पंचवीस मिनिटं. मग बस निघणार.”

सुलेखा उभी राहिली. “मला यायचंय. ते दार बघायचंय.”

“वहिनी, दगडी फरशी आहे, मघाशी पाऊस पडून गेलाय. घसरलात म्हणजे? मी फोटो काढून आणतो ना!”

“फोटो?” सुलेखा म्हणाली. “हो, आणा. फ्रेम करून भिंतीवर लावते.”

मागे कुणीतरी खुदकन हसलं. मनोहर तिच्या कानाशी आला. “अगं, पंचवीसच मिनिटं आहेत. मी तुला सगळं नीट वर्णन करून सांगतो. बस ना जरा.”

मनोहर वाईट माणूस नाही. पण सवय वाईट माणसापेक्षा वाईट असते. सुलेखाला कळत होतं की आता वाद घातला तर पंचवीस मिनिटं वादातच जातील, आणि उद्या पहाटेचं तर विमान. ती मटकन बसली. झाडाखालचा दगडी बाक, अकरा बॅगा, त्यांतल्या एकीत सगळ्यांचे पासपोर्ट. शेजारच्या टेबलावर दोन म्हातारे बुद्धिबळासारखा काहीतरी खेळ खेळत होते. सोंगट्या ठक्क ठक्क आपटत होत्या.

कानात लिन लांब लांब जात होती. घरांची उंची, गल्लीचं वय. मग खरखर. आणि त्या खरखरीच्या आतून, लिनच्या माइकमधून, एक आवाज आला.

गडडड-गडडड-गडड... खट्.

सुलेखाच्या अंगावर काटा आला. ढग बांबू खातोय!

कुणीतरी आपलं दार सरकवलं होतं आणि ते लिनच्या माइकने पकडलं होतं. म्हणजे लिन आत्ता दाराशी होती. म्हणजे जिथे लिनचा आवाज साफ, तिथे दार. रस्ता कानातच होता.

ती उठली. म्हाताऱ्यांच्या दिशेने वळून लाउ आंटीकडून शिकलेल्या कँटनीजमधला एक शब्द टाकला, “एमगोई!” म्हणजे कृपा करा. मग बॅगांवर हात ठेवला, त्यांच्याकडे बोट केलं, स्वतःच्या डोळ्यांकडे बोट केलं आणि नकारार्थी मान हलवली. एक म्हातारा हुंकारला. खुर्ची सरकली. बॅगा एकेक करून त्यांच्या टेबलाखाली गेल्या. सुलेखाने तो आवाज मोजला. अकरा.

मग काठी टेकत ती गल्लीत शिरली. डावीकडे खरखर वाढली, उजवीकडे आवाज उजळला. उजवीकडे. फरशी ओली होती खरी, पण ताना मेराच्या गर्दीपेक्षा पुष्कळच सभ्य. कपडे वाळत घातल्याचा वास, कुठे लसूण तळल्याचा, कुणाच्या तरी रेडिओवर बाई रडक्या सुरात गातेय. लिनचा आवाज अगदी काचेसारखा साफ झाला आणि पुन्हा पुढे सरकू लागला. सुलेखा थांबली. आवाज साफ झाला होता तो इथेच. तिने हात पुढे केला.

लाकूड. गोल. मनगटाएवढं जाड, थंड, हजार हातांनी तुळतुळीत झालेलं. त्याच्यावर पाच बोटं मोकळी जागा सोडून दुसरा दांडा. आणि मधल्या फटीतून घरातला पंख्याचा वारा थेट तिच्या चेहऱ्यावर.

दार बंद होतं. आणि उघडं होतं.

“सिक चो फान मेइ आ?” आतून कुणी ओरडायच्या आत सुलेखाने विचारून टाकलं. जेवलात का? आंटीने शिकवलेलं हे तिचं सगळ्यात पक्कं वाक्य.

आत एक बाई खो-खो हसली आणि धबधब्यासारखी बोलायला लागली. त्यातलं सुलेखाला काही कळलं नाही. तिने काठी दाखवली, दारावर हात फिरवून दाखवला. बाईने फटीतून हात बाहेर काढून तिचा हात धरला, कडीवर ठेवला आणि दोघींनी मिळून दार ढकललं. गडडड-गडड. हादरा तळव्यातून कोपरापर्यंत आला. दांडे लाकडी खोबणीतून सरकत होते, म्हणून तो आवाज! आंटी, समजलं गं! सुलेखाने फोनचं रेकॉर्डिंग चालू केलं आणि तीनदा दार सरकवलं. मग खालून वर दांडे मोजले. शेवटच्यासाठी चवड्यांवर उभं राहावं लागलं. तेरा.

तेवढ्यात कानात लिनचा आवाज आला, खरखरत, पण ती एकटी नव्हती. मंडळी दुसऱ्या गल्लीने वळसा घालून बाकाशी परतली होती.

“आय ॲम टेलिंग यू, दोज आर अवर बॅग्ज!” हे उल्हासराव. मागे म्हातारा चिनीत गरजत होता.

लिन दमलेल्या सुरात भाषांतर करत होती, “ते म्हणतात, एका बाईने विश्वासाने ठेवायला दिल्यात. तिच्याशिवाय कुणाला देणार नाहीत. ते म्हणतात, तुम्ही कशावरून चोर नाही?”

सुलेखा दाराला टेकून पोट धरधरून हसली. आतल्या बाईला कारण कळलं नाही, तरी तीही हसली.

दहा मिनिटांनी मनोहर तिला शोधत आला, घामाघूम. “अगं सुलेखा! जीव गेला असता माझा!”

“माझा आला,” ती म्हणाली. “हात द्या इकडे. हे बघा. नाही, डोळे मिटून.”

झाडाखाली अख्खी मंडळी रांगेत उभी होती. उल्हासरावांचा पारा चढलेला. “वहिनी, एवढी एक साधी जबाबदारी—”

“भावजी!” सुलेखाचा आवाज असा कडाडला की सोंगट्यांचा ठकठकाट थांबला. “पंधरा वर्षं आंधळ्या बाईला राखणीला बसवताय, आणि आज डोळस माणसाला राखणीला बसवलं तर तक्रार? एक बॅग गेली का? उलट आज पहिल्यांदा सामानाकडे खरोखर कुणीतरी लक्ष ठेवलंय!”

उल्हासरावांची कॉलेजात जाणारी मुलगी ऋचा सिंगापुरी हेल काढून म्हणाली, “शी गॉट अ पॉइंट लाह, बाबा.”

म्हातारा सुलेखाशिवाय ऐकेना. एकेक बॅग तिच्या हातात द्यायचा, ती चाचपून मालक सांगायची. “ही विभाची, चेन अडकते. ही भावजींची, जड आहे, उगाच. ही आमची.” इतकी वर्षं मांडीवर वागवलेल्या बॅगा, तिला पाठच होत्या. अकरावी दिल्यावर म्हाताऱ्याने तिच्या तळहातावर एक सोंगटी ठेवली, तिला वर कोरलेलं अक्षर चाचपू दिलं आणि परत घेऊन डाव चालू केला.

बस नदीकाठाकडे निघाली. मग पुढच्या सीटवरून उल्हासराव वळले. “वहिनी, ते दार... मी चार फोटो काढलेत.”

“किती दांडे?”

त्यांनी फोन काढला, बोटांनी फोटो मोठा केला, ओठ हलवत मोजलं. “तेरा.” मग जरा थांबून, “मी त्याच्यासमोर उभा होतो. आवाज आला होता खरा. मला वाटलं, मागे कुणी सुटकेस ओढतंय.”

“मग कसा होता सांग ना तू,” मनोहर तिला म्हणाला. आणि नदीकाठ येईपर्यंत सुलेखा दाराचं वर्णन करत राहिली आणि दहा डोळस माणसं ऐकत राहिली. नदीकाठी बॅगा ज्याच्या त्याच्या खांद्यावर होत्या. बाकाकडे कुणी पाहिलंसुद्धा नाही.

क्वीन्सटाउनला परतल्यावर सुलेखाने लाउ आंटीच्या कानाशी फोन धरला. आंटीने तीनदा ऐकलं.

“चूक,” ती म्हणाली. “या बाईने खोबणीला मेण लावलंय. आमचं यापेक्षा वाईट ओरडायचं.”

“दांडे तेरा होते.”

“तेरा बरोबर.” आंटीने फोन पुन्हा कानाशी ओढला. “पुन्हा लाव.”

मग दोघी आंटीच्या फ्लॅटच्या लोखंडी जाळीशी उभ्या राहिल्या. आतलं लाकडी दार सताड उघडं, बाहेरची जाळी बंद, नवव्या मजल्याचा वारा आरपार. सुलेखाने गजांवरून हात फिरवला. उभे होते. पण काम तेच करत होते.

आता तुम्हाला एक विनंती. पुढच्या सहलीत ‘तू बस इथे’ म्हणायला तोंड उघडाल, तेव्हा ते वाक्य गिळा. ज्याला सांगणार होतात त्याला विचारा, तुला काय बघायचंय? आणि तुमची बॅग तुम्हीच उचला.