मी धुतलेले ग्लोव्हज

मुलांनो, हे मी कुणालाच सांगितलेलं नाही — तुमच्या आजोबांना नाही, चर्चमध्ये पाद्रींसमोर गुडघे टेकले तेव्हाही नाही. दर वेळी दुसरी, किरकोळ पापं सांगून उठले.

झुराबअंकल आठवतात ना? सुट्टीत आलात की तुम्हाला एका हाताने उचलणारे, जॉर्जियाचे? इथे बहारीनमध्ये, जुफैरला ते आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये राहायचे, इथल्या एका क्लबचे गोलकीपर होते. तुम्ही त्यांना खेळताना पाहिलं नाही. मी पाहिलंय. कसं सांगू? मला फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नव्हतं, तरी ते झेपावले की माझा श्वास अडकायचा. एवढा धिप्पाड माणूस हवेत आडवा व्हायचा — आणि बॉल त्यांच्या तळव्यात येऊन निमूट बसायचा. "अगं, हा बॉल पकडत नाही, बोलावतो!" आजोबा म्हणायचे.

मोठ्या मॅचसाठी त्यांची ग्लोव्हजची एक खास जोडी होती. सराव दुसऱ्या जोडीने. फायनलच्या आधी टीम हॉटेलवर राहायला गेली, तेव्हा त्यांच्या घराची किल्ली माझ्याकडे होती — कुंड्यांना पाणी घालायला. बाथरूममध्ये ती जोडी टांगलेली दिसली. घामाचा वास येत होता. मला अस्वच्छता बघवत नाही, तुम्हाला ठाऊक आहे. मी ते ग्लोव्हज — कडकडीत पाण्यात साबणाची पावडर घालून, ब्रशने घासले. गच्चीवर बहारीनच्या उन्हात वाळवले. अगदी नव्यासारखे दिसले. पुन्हा जागच्या जागी टांगले. कुणाला विचारलं होतं का? नाही.

मॅचला निघताना ते येऊन जोडी घेऊन गेले.

एक साधा शॉट होता, सरळ छातीवर आलेला. बॉल त्यांच्या हातात आला, निसटला आणि मागे जाळ्यात गेला. "चचा, अब घर जाओ!" स्टेडियममध्ये आमच्या मागून कुणीतरी ओरडलं. लोक हसले. तुमचे पप्पा तेव्हा शाळकरी होते, ते माझ्याशेजारी बसून रडले. क्लब त्याच गोलने हरला.

दुसऱ्या दिवशी झुराब दारात उभे. ग्लोव्हजच्या तळव्याचं मऊ रबर कडक होऊन तडकलं होतं. "मॅडम, गरम पाण्याने, उन्हाने असं होतं. कुणी धुतले का?"

"नाही," मी म्हणाले. "मी बाथरूममध्ये गेलेच नाही."

किती सहज म्हणाले! आणि त्यांनी — विचारल्याबद्दल उलट माझीच माफी मागितली. "मग जोडी जुनी झाली. मीही झालो. खलास." त्यानंतर ते पुन्हा खेळले नाहीत.

मला भीती कशाची होती? ते ओरडले नसते. पण सगळी बिल्डिंग मला नीटनेटकी, सुशिक्षित बाई म्हणून ओळखायची. तेवढंच. तेवढ्यासाठी मी त्या माणसाला स्वतःच्या हातांवर संशय घेऊ दिला.

आता ते इथेच, बुदैयाला लहान मुलांना फुटबॉल शिकवतात. गेल्या शुक्रवारी मी बघायला गेले होते. एका चिमुरडीने जोरात किक मारली, बॉल उडून थेट त्यांच्याकडे आला. मी श्वास रोखला. त्यांचे हात वर आलेच नाहीत. ते बाजूला झाले, बॉल जाऊ दिला आणि म्हणाले, "यल्ला, चल, पुन्हा!"

त्या हातांचं हे मी केलं आहे.