वेळेतून अंतर वजा करणारे भावोजी

माझ्या धाकट्या दिरांइतका खरं बोलून माणसं दुखावणारा माणूस अंबरनाथपासून बदलापूरपर्यंत दुसरा नसेल. ते कॉलेजात गणित शिकवतात. त्यांच्या मते कुठल्याही घटनेचा पत्ता चार आकड्यांचा असतो, तीन जागेचे आणि चौथा वेळेचा. म्हणून समोरच्या दारातल्या शेजाऱ्याला जेवायला बोलावतानासुद्धा ते मजला सांगतात.

माझं शिक्षण चौथीपर्यंत. तरी मी भाकऱ्या थापत असले की ते ओट्याशी उभे राहून मला शिकवत. काठी तीच असते, सावली लांब-आखूड होते. तसं भरधाव जाणाऱ्याला आणि उभ्या माणसाला दोन घटनांमधलं अंतर वेगळं दिसतं, मधला वेळही वेगळा. पण दोन्ही एका मापात आणून वेळेच्या वर्गातून अंतराचा वर्ग वजा केला, की दोघांचं उत्तर एकच येतं. मी विचारलं, बेरीज का नाही? त्यावर ते इतके खूश झाले की माझी भाकरी तव्यावर करपली.

अर्धं सांगणं त्यांना पाप वाटतं. उल्हासनगरच्या दुकानात जावेने साडी खांद्यावर टाकून कशी दिसते विचारलं, तर म्हणाले, "साडी छान आहे. तुझ्यावर नाही." दुकानदारानेच बिचाऱ्याने विषय बदलला.

त्यांच्या लेकीच्या लग्नात वऱ्हाड पालेगावच्या हॉलबाहेर डीजेपुढे नाचत राहिलं आणि मुहूर्त टळला. नवरदेवाचे आजोबा अडून बसले. टळल्या मुहूर्तावर आमच्यात लग्न लागत नाही, पोराला परत नेतो, म्हणाले. पोरगी हार धरून उभी, जाऊ रडायच्या बेतात. भावोजींनी आजोबांपुढे खुर्ची ओढली.

"आजोबा, वेळ सगळ्यांची एक नसते. जो हलत असतो त्याचं घड्याळ उभ्या माणसापेक्षा हळू चालतं. हे सिद्ध झालंय. आणि तुमची माणसं तर नाचत होती."

"म्हणजे आमचा मुहूर्त अजून आहे?"

भावोजींनी तोंड उघडलं. पुढचं मला ओट्यापाशी ऐकून पाठ होतं. एवढ्याशा वेगाने पडणारा फरक मनगटावरच्या घड्याळात कधीच दिसणार नाही. त्यांनी लेकीकडे पाहिलं आणि तोंड मिटलं.

"सर कधी खोटं बोलत नाहीत," आजोबा भटजींना म्हणाले. "धरा अंतरपाट."

पाठवणी झाल्यावर माणसं खुर्च्या उचलत होती. भावोजी एका खुर्चीवर तसेच बसून होते. मी पाणी नेऊन दिलं.

"वहिनी, मी पुढचं सांगितलं नाही."

मी म्हटलं, माहीत आहे.

त्यांनी पाणी पिऊन पेला माझ्या हातात दिला.

"सांगितलं असतं," ते म्हणाले, "तर आत्ता ती घरी असती."